सरांचं वाकणं

आमच्या शाळेच्या स्टाफरूममध्ये एक काळ असा होता की मधल्या सुट्टीत एकही शिक्षक पाय खाली सोडून बसत नसे. सगळे खुर्चीत मांडी घालून, डबा मांडीवर घेऊन जेवत. बाहेरून येणाऱ्याला वाटावं, ही मंडळी भजनाला बसलीत आणि फक्त टाळ यायचे बाकी आहेत. याला कारण गणिताचे सर. कुणाचे पाय जमिनीवर दिसले की सर वाकायचे. दोन्ही हात त्या पायांना लावायचे, मग स्वतःच्या कपाळाला लावायचे आणि काहीच झालं नाही अशा चेहऱ्यानं आपल्या डब्यातली कडक भाकरी मोडायला बसायचे.

माझ्या पाया ते पहिल्यांदा पडले तेव्हा मी प्रयोगशाळेतून काचेचं भांडं घेऊन येत होते. मी वयानं त्यांच्या लेकीहून थोडीशीच मोठी. मी अशी काही उडी मारली की भांडं हातातून सुटलं आणि व्हरांडाभर काचा झाल्या. सरांनी त्या स्वतः गोळा केल्या. गोळा करताना एकदा वर बघून म्हणाले, "असू दे की मॅडम. भांडं आज ना उद्या फुटायचंच होतं." भांड्याबद्दल बोलतायत की आणखी कशाबद्दल, ते मला कळलं नाही. मी आपली पर्यवेक्षकांना काय सांगायचं या काळजीत होते.

सर मूळचे असे नव्हते. मी शाळेत लागले तेव्हाचे सर आठवले की आजही माझी पाठ ताठ होते. छडी कायद्यानं गेली होती, पण सरांना तिची गरजच नव्हती. त्यांच्या चपलांचा आवाज जिन्यात आला की वरचा सगळा मजला गप्प व्हायचा. माझ्या तासानंतर फळ्यावर अर्धी आकृती राहिली म्हणून त्यांनी मला वर्गासमोर जे सुनावलं होतं, ते ऐकून पोरांनासुद्धा माझी दया आली होती. त्यांच्या वर्गात आपलं पोर पडावं म्हणून पालक वशिले लावायचे. सर म्हणजे सोनं, असा शहाणा माणूस सोलापुरात दुसरा नाही, असं लोक म्हणायचे, आणि सरांनाही ते मान्य होतं.

मग एका उन्हाळ्यात ते परीक्षा केंद्रावर म्हणून वैरागला गेले आणि परत आले ते असे. काय झालं यावर स्टाफरूममध्ये जितकी तोंडं तितक्या कथा होत्या. ड्रॉइंगचे सर म्हणायचे, ऊन लागलं. वैरागच्या उन्हात नारळसुद्धा तडकतो, मग डोक्याचं काय घेऊन बसलात? शाळेतल्या शिपाई मावशी म्हणायच्या, "त्यास्नी कुनीतरी भेटलंय बघा तितं. त्याबिगर माणूस असा एका दिसात बदलत न्हाय." कोण भेटलं असावं हे सांगायला मात्र त्या तयार नव्हत्या. नुसतं वर बघून हात जोडायच्या, आणि मग वर पंखा होता हे लक्षात येऊन तो बंद करायच्या.

मी एकदा धीर करून सरांनाच विचारलं. ते हसले. म्हणाले, कुणी भेटलं नाही. परतीची एसटी चुकली, म्हणून स्टँडवरच्या बाकड्यावर बसून राहिले. उन्हामुळं डोळे वर करवत नव्हते. खाली बघत बसले, तर नुसते पाय दिसायला लागले.

"कुणाचे?" मी विचारलं.

"तेच तर. कुणाचे ते कळत नव्हतं. भेगाळलेले, सुजलेले, नेलपॉलिश लावलेले, एक तर अंगठाच नसलेला. बघता बघता वर मान करून तोंडं बघायची गरजच वाटेना मला." मग त्यांनीच मला विचारलं, "मॅडम, तुमच्या पाया पडलो तेव्हा तुम्हाला काय वाटलं होतं?"

मी खरं ते सांगितलं. ओशाळल्यासारखं झालं.

"सगळ्यांना तसंच होतं. ओशाळलेला माणूस कधी नीट बघितलाय का तुम्ही? लई चांगला दिसतो."

एवढं बोलून ते नववी ब च्या तासाला निघून गेले. मी दिवसभर त्या वाक्यात अडकले. संध्याकाळी भाजीवाल्यानं मला एक वांगं किडकं दिलं म्हणून मी त्याच्यावर डाफरले आणि तो ओशाळला, तेव्हा मला सरांची आठवण झाली. दिसत होता खरा चांगला. वांगं मी तरीही बदलून घेतलं.

शाळेत खरी पंचाईत झाली ती सर विद्यार्थ्यांच्या पाया पडायला लागले तेव्हा. आपल्याकडं मोठ्यानं लहानाच्या पाया पडणं म्हणजे लहानाचं आयुष्य घटवणं. एक दिवस पाच-सहा आया मुख्याध्यापकांच्या खोलीत घुसल्या. त्यातल्या एकीनं तर रडायलाच सुरुवात केली. माझं पोरगं आधीच अशक्त आहे, त्यात सर त्याच्या रोज पाया पडतात, त्याचं राहिलं किती, असा तिचा प्रश्न होता. मुख्याध्यापक व्यवहारी गृहस्थ. त्यांनी तोडगा काढला की सर वाकायच्या आधी मुलानं सरांच्या पाया पडायचं, म्हणजे जेवढं जाईल तेवढं आधीच जमा होईल. आयांना तो हिशेब पटला. दुसऱ्या दिवसापासून सर वर्गात शिरले की पोरगंही वाकायचं, सरही वाकायचे, आणि टाळक्यावर टाळकं आपटल्याचा आवाज शेजारच्या वर्गात माझ्यापर्यंत यायचा. आठवड्याभरात अर्ध्या वर्गाच्या कपाळाला टेंगळं होती. गंमत अशी की त्या वर्षी त्या वर्गात कुणी गणिताला भ्यायलं नाही. मार्क काही फार पडले नाहीत, ते सांगायला हवं.

सरांच्या घरचे हे सगळं कसं सोसत होते, असं मला वाटायचं. घर माझ्या खोलीपासून दोन गल्ल्या सोडून होतं. सरांच्या बायकोला मी काकू म्हणायचे. हळू आवाजात बोलणारी, कामाला वाघीण अशी बाई. लेक एका दवाखान्याच्या लॅबमध्ये रक्त तपासायला होती. दोघींनी मिळून सरांना आधी डॉक्टरकडं नेलं. डॉक्टरांनी सगळं ऐकून घेतलं, सरांनी जाताना डॉक्टरांच्या पाया पडून घेतलं, आणि गोळ्या सुरू झाल्या. सर शहाण्या मुलासारखे गोळ्या घ्यायचे. परिणाम एवढाच झाला की वाकणं थांबलं नाही, पण वाकल्यावर उठणं लांबायला लागलं. एकदा मधल्या सुट्टीत ते मुख्याध्यापकांच्या पायाशी वाकले आणि तिथंच त्यांचा डोळा लागला. मुख्याध्यापक बिचारे घंटा होईपर्यंत पाय न हलवता उभे होते. आम्ही जाऊन त्यांना वरच्या वर चहा दिला. शेवटी डॉक्टरांनीच गोळ्या बंद केल्या. म्हणाले, यांचा कुणाला त्रास नाही, यांनाही कसला त्रास नाही, मग औषध कशावर देऊ?

मग शेजाऱ्यांच्या सांगण्यावरून अक्कलकोटच्या वाटेवरल्या एका मठात नेलं. तिथले बुवा चांदीच्या चौरंगावर पाय ठेवून बसले होते आणि लोक रांगेनं डोकं टेकत होते. सगळ्यांना वाटलं, आता सर इथं तासभर उठत नाहीत. सरांनी लांबूनच हात जोडले आणि रांगेतून बाहेर पडले. बाहेर चपला सांभाळणाऱ्या माणसाच्या मात्र पाया पडले. तो इतका दचकला की दोन चपलांच्या बिल्ल्यांची अदलाबदल झाली. मी नंतर सरांना विचारलं, बुवांच्या का नाही पडलात? तर म्हणाले, "त्यांचे पाय तयारच होते की. तिथं माझं काय काम?"

बुवांच्या माणसांनी घरच्यांना बाजूला घेऊन सांगितलं, हा आजार नाही, ही अवस्था आहे. डॉक्टर आजार म्हणत होते, मठातले अवस्था म्हणत होते. काकूंना मी विचारलं, तुम्हाला काय वाटतं? त्या भाकरी थापता थापता म्हणाल्या, दोघांनी पथ्य एकच सांगितलंय, तिखट कमी करा. आता सोलापुरात राहून शेंगाचटणी बंद करायची म्हणजे आजार बरा की अवस्था बरी, तेच कळेना. आम्ही दोघी पोट धरून हसलो.

हसण्याच्या आड काकूंना एक काळजी होती, ती म्हणजे लेकीच्या लग्नाची. मुलगी देखणी, कमावती, स्वभावानं गोड, तरी दोन स्थळं ऐनवेळी मोडली होती. एका ठिकाणी मध्यस्थानं तोंडावर सांगितलं, मुलगी पसंत आहे, पण बाप वेडा आहे म्हणतात. घराण्यात असलं तर पुढं पोराबाळांत उतरतं. त्या रात्री लेक जेवली नाही. सर तिच्या ताटाजवळ बसून राहिले. तेही जेवले नाहीत.

त्यात ती नवी पेठेतली भानगड झाली. सर कापडाच्या दुकानातून बाहेर पडत असताना एका रिक्षाचा त्यांना धक्का लागला, आणि चूक स्वतःची असूनही रिक्षावाल्यानं सरांना शिव्या घातल्या. सर पुढं झाले आणि वाकले. मारायला आला असं समजून रिक्षावाल्यानं दोन्ही पाय उचलून सीटवर घेतले. सर रिक्षाच्या आत वाकून पाय शोधतायत, तो पाय पोटाशी धरून "काका, सोडा की, चुकलं माझं" असं विनवतोय, आणि मागं सगळी पेठ तुंबलीय. कुणीतरी ते मोबाइलवर टिपलं. दुसऱ्या दिवशी ते आमच्या शाळेच्या ग्रुपवर होतं, तिसऱ्या दिवशी माझ्या माहेरच्या ग्रुपवर आलं, आणि लेकीच्या लॅबमध्ये तर पेशंटसुद्धा तिला दाखवायला लागले.

आणि नेमकं त्याच आठवड्यात वळसंगचं स्थळ बघायला यायचं होतं. मुलगा शहरात एका कंपनीत नोकरीला होता. घरी कोरडवाहू शेती आणि शेरडंमेंढरं. लेक आणि तो महिनाभर फोनवर बोलत होते, आणि ती मला एकदा लाजत लाजत म्हणाली होती, "ताई, हा मला आवडलाय. हे मोडलं तर मी पुन्हा नाही बसणार कुणापुढं." ती तसं करणारी होती, त्यामुळं मलाही धास्ती बसली.

पाहुणे यायच्या दिवशी सकाळीच काकूंनी मला बोलावून घेतलं. स्वयंपाकघरात मदतीला नव्हे, तर सरांच्या शेजारी बसायला. ते वाकायला लागले की कोपरानं ढोसायचं, एवढंच माझं काम. मी गेले तेव्हा लेक सरांच्या पायांवर डोकं ठेवून बसली होती. "पप्पा, मी तुमच्या पाया पडते. फक्त आजचा दिवस कुणाच्या पाया पडू नका. लोकांना वेड दिसतं ते."

सर तिच्या केसांवरून हात फिरवत म्हणाले, "बरं. शब्द दिला."

पाहुणे आले. पुढं मुलाचे वडील, भारदस्त आवाजाचे, घरात शिरतानाच जागा किती फुटांची आहे ते विचारणारे. त्यांच्यामागं मुलगा. मग आजी, तिला सगळे अव्वा म्हणत होते. सगळ्यांत शेवटी मुलाची आई, डोक्यावरचा पदर दातांत धरून. सर दोन्ही हात गुडघ्यांमध्ये दाबून बसले होते. इतके पाय एकदम घरात आलेले, आणि हात बांधलेले. त्यांच्या कपाळावर घाम आला होता आणि मला कोपर वापरायची वेळच आली नाही.

काकूंनी नाश्त्याला फोडणीच्या चुरमुऱ्यांचा सुशीला केला होता. बोलणी चालली होती, म्हणजे मुलाचे वडील बोलत होते. त्यांच्या बायकोला मी विचारलं, प्रवास नीट झाला का, तर उत्तर नवऱ्यानं दिलं. लेकीनं विचारलं, चहात साखर किती, तर तीही नवऱ्यानंच सांगितली. बाई नुसत्या जमिनीकडं बघत होत्या. मुलगी आत-बाहेर करून झाली, प्रश्न विचारून झाले, सगळं बरं चाललं होतं. तेवढ्यात अव्वानं बशी खाली ठेवली आणि सरांकडं वळली.

"गुरुजी, लई येळ झाला की. आमी कवाधरनं वाट बघतोय."

सरांनी विचारलं, कशाची?

"माज्या नातवानं फोनमदी दावलंय मला. त्या रिक्षावाल्याच्या पाया पडला तुमी. आमच्याकडं असं माणूस लाखात एक निगतं. म्या म्हनलं, ह्या घरातली पोरगी मिळाली तर घराचं सोनं हुईल, म्हनून तर आलो. आन तुमी हात धरून बसलाय. रिक्षावाल्याच्या पडता, आमी काय पाप केलंय?"

मी काकूंकडं बघितलं. त्या स्वयंपाकघराच्या दारात दुसरा चहा ताटात घेऊन उभ्या होत्या, त्या तिथंच थांबल्या. सगळं घर जे झाकायला बसलं होतं, तेच बघायला ही म्हातारी वळसंगहून आली होती. लेकीच्या चेहऱ्यावर हसू येऊ लागलं. आता सरांनी उठून वाकावं आणि हा घोळ मिटावा, असं मलाही वाटलं. मी तर त्यांना कोपरानं उलटं ढोसलंसुद्धा.

पण सर खोटं बोलणाऱ्यांतले नव्हते. ते म्हणाले, "आजी, आज जमणार नाही. लेकीला शब्द दिलाय. वेड दिसतं म्हणाली."

लेकीनं डोळे मिटून घेतले. मुलाच्या वडिलांनी कप खाली ठेवला.

"वेड? मंजी तब्येतीचं काय हाय का? गोळ्या बिळ्या?"

सर म्हणाले, होत्या, आता बंद आहेत.

"आई, तुमी जरा गप बसा," मुलाचे वडील म्हातारीला म्हणाले. मग सरांकडं वळून, "हे बघा सर, आमी शेतकरी मान्सं, सरळ इचारतो. वेड हाय का न्हाय?"

"मला कसं कळणार?" सर शांतपणे म्हणाले. गणित सोडवताना बोलायचे तसे. "वेडा असलो तर माझ्या बोलण्याला किंमत नाही. शहाणा असलो तर लेकीसाठी वेड नाही म्हणतोय, असं तुम्हाला वाटणार. हिला विचारा. ही माझ्याबरोबर राहते."

सगळ्यांच्या माना दाराकडं वळल्या. काकू ताट तसंच धरून उभ्या होत्या. या बाईला मी चारचौघांत कधी मोठ्यानं बोलताना ऐकलं नव्हतं. आता त्या काय म्हणतील? वेड नाही म्हणाल्या तर कुणाला पटणार नव्हतं, आणि आहे म्हणाल्या तर लेकीचं लग्न त्यांच्याच तोंडानं मोडणार होतं.

"हे शहाणे होते ना," काकू म्हणाल्या, "तेव्हा यांची शाळेतून यायची वेळ झाली की माझे हात कापायचे. भाजीत मीठ जास्त पडलं असंल का, पोरीनं दप्तर मधेच टाकलं असंल का, म्हणून. पोरगी फाटकाचा आवाज आला की पलंगाखाली जायची. वीस वर्षं तसं चाललं. तेव्हा एक माणूस विचारायला आला नाही, की बाई, तुझ्या घरात काय आजार आहे का? आता फाटक वाजलं की मी चहा टाकते. याला काय म्हणायचं ते तुम्ही ठरवा."

सरांची मान खाली गेली होती. हे त्यांनी स्वतः पहिल्यांदाच ऐकलं असावं. मला रडू येत होतं आणि पाहुण्यांसमोर ते बरं दिसणार नाही म्हणून मी टिपॉयवरचा चुरमुरा टिपत बसले.

मुलाचे वडील घसा खाकरून उठले. घरी जाऊन विचार करतो आणि कळवतो, असं म्हणाले. कळवतो म्हणजे काय, ते त्या घरात सगळ्यांना माहीत होतं. मुलगाही गोंधळून उभा राहिला. म्हातारी हात चोळत बसली. मुलाची आई उठली, पण ती बाहेरच्या दाराकडं वळली नाही. दातांतला पदर सोडून ती स्वयंपाकघराच्या दाराशी गेली आणि काकूंच्या हातातल्या ताटाला तिनं दोन्ही बाजूंनी हात लावले.

"द्या हिकडं, विहीणबाई," ती म्हणाली. "केवड्या येळची उभ्या हाय तुमी."

"अगं, पन अजून आपलं काय ठरलं न्हाय..." नवरा मागून म्हणाला.

तिनं मागं वळून बघितलं नाही.

"तुमी बसा," ती म्हणाली, आणि तो बसला.